कामाकुराच्या समुद्रकाठी : वाटाड्या आपला, वाट आपली

जपान म्हटले की डोळ्यांसमोर मोटारी, यंत्रे आणि वाऱ्याच्या वेगाने धावणाऱ्या आगगाड्या येतात. पण आपल्या समाजाचे जपानशी नाते त्याहून जवळचे आहे. जपानात जन्मलेले भदन्त आर्य नागार्जुन सुरई ससाई नागपूरला आले आणि इथलेच झाले. कामठीचे ड्रॅगन पॅलेस बुद्धविहार १९९९ साली जपानी उपासकांच्या दानातून उभे राहिले. जपानच्या कोयासान विद्यापीठात २०१५ साली प. पू. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा पुतळा बसविण्यात आला. मुंबईकरांना वरळीचे जपानी बुद्धमंदिर ठाऊक आहेच.

आता आपल्या घरांतील शिकलेली मुले-मुली नोकरीनिमित्त टोकियोला जातात. टोकियोच्या एदोगावा भागात तर भारतीयांची मोठी वस्ती आहे. वर्ष-दोन वर्षांत ही मुले आईवडिलांना बोलावून घेतात. ज्यांनी गिरणीत, रेल्वेत, नगरपालिकेत हाडाची काडे करून मुलांना शिकविले, त्यांनी या वयात जग पाहावे यासारखा आनंद कोणता? प्रश्न एवढाच, की तिथे जाऊन पाहायचे काय आणि कसे?

मोठ्या बसमधून पन्नास माणसे एकत्र नेणारी सहल स्वस्त पडते. पण तिथे झेंडी धरलेल्या माणसाच्या मागे धावावे लागते. बुद्धमूर्तीपुढे दहा मिनिटे आणि दुकानात एक तास, असा तिचा हिशेब असतो. याला दुसरा पर्याय आहे. एका कुटुंबापुरता गाइड घ्यायचा आणि दिवसाचा कार्यक्रम आपण ठरवायचा. कोणत्या विहारात किती वेळ थांबायचे, कुठे बसायचे, काय विचारायचे, हे सारे आपल्या हाती राहते.

या पद्धतीचे खरे मोल कळण्यासाठी टोकियोजवळचे कामाकुरा हे समुद्रकाठचे गाव उत्तम. टोकियो स्टेशनहून योकोसुका मार्गाच्या गाडीने सुमारे एका तासात तिथे पोहोचता येते. बाराव्या शतकाच्या अखेरीपासून १३३३ सालापर्यंत जपानची सत्ता या गावातून चालली. तीन बाजूंना डोंगर, चौथ्या बाजूला सागामी उपसागर आणि मधल्या गल्ल्याबोळांत विहारच विहार. सर्वसाधारण सहली इथला महाबुद्ध आणि बाजाराची गल्ली दाखवून परत फिरतात. पण आपण मागितले तर हेच गाव वेगळी कहाणी सांगते. नवऱ्याच्या जाचातून सुटू पाहणाऱ्या बायकांची, 'माणूस नव्हे' म्हणून हिणविलेल्या लोकांची आणि स्वतःला चांडाळकुळातला म्हणविणाऱ्या एका आचार्याची ती कहाणी आहे.

पहिला मुक्काम : किता-कामाकुरा

कामाकुराच्या एक स्टेशन आधी किता-कामाकुरा लागते. तिथे उतरावे. स्टेशनला लागूनच एन्गाकुजी हा झेन पंथाचा मोठा विहार आहे. १२७४ आणि १२८१ साली मंगोलांच्या आरमाराने जपानवर स्वाऱ्या केल्या. त्या परतविल्यानंतर सत्ताधीश होजो तोकिमुने याने १२८२ साली हा विहार उभारला आणि चिनी भिक्खू मुगाकु सोगेन यांना त्याचे पहिले आचार्य नेमले. युद्धात मेलेल्या आपल्या सैनिकांसाठी, आणि शत्रूकडून मेलेल्यांसाठीही, तो उभारला गेला. शत्रूच्याही मृतांचे स्मरण ठेवणे ही बुद्धाची शिकवण तिथे दगड-लाकडातून उभी आहे.

तिथून चालत पाच-सात मिनिटांवर तोकेइजी आहे. आमच्या भगिनींनी हा विहार चुकवू नये. फाटक छोटे, पायऱ्या थोड्या, आत झाडेझुडपे. गर्दीतल्या सहलीला तिथे पाहण्यासारखे काही वाटत नाही. गाइडला मात्र आवर्जून सांगावे, इथे आम्हाला सावकाश सारे समजावून सांगा.

तोकिमुने १२८४ साली वारला. त्याची विधवा काकुसान-नी हिने दीक्षा घेतली आणि १२८५ साली हा भिक्खुणींचा विहार स्थापन केला. त्या काळी आणि पुढे कित्येक शतके नवऱ्याने साडेतीन ओळींचे सोडपत्र लिहून दिल्याशिवाय स्त्रीला मोकळे होता येत नसे. तिला स्वतःहून लग्न मोडण्याचा अधिकार नव्हता. अशी स्त्री घर सोडून तोकेइजीच्या दारात आली आणि आत शिरली, की तिला हात लावण्याची कोणाची छाती नसे. पाठलाग करणारे जवळ आले तर तिने आपली चप्पल फाटकाच्या आत भिरकावली तरी ती आत आली असे मानले जाई, असे तिथे सांगतात. मग विहाराकडून नवऱ्याला बोलावणे जाई. आजूबाजूच्या धर्मशाळांत दोन्हीकडचे लोक उतरत, बोलणी होत आणि बहुतेक वेळा नवरा सोडपत्र लिहून देई. नाहीच दिले, तर स्त्रीने विहारात ठरावीक मुदत काढली की ती मोकळी होई. ही मुदत पुढे चोवीस महिन्यांची झाली.

सुमारे सहाशे वर्षे भिक्खुणींनी हे काम केले. सरकारचा नवा कायदा झाला आणि १८७३ साली स्त्रीला न्यायालयात जाऊन घटस्फोट मागण्याची वाट मिळाली, तेव्हा विहाराचे हे काम संपले. १९०२ पर्यंत इथे भिक्खुणींची परंपरा होती, नंतर तो भिक्खूंच्या ताब्यात गेला. हिंदू कोड बिलात स्त्रीला घटस्फोटाचा हक्क मिळावा म्हणून बाबासाहेब झगडले आणि १९५१ साली त्यांनी मंत्रिपदावर पाणी सोडले. त्यांच्या लेकींनी या फाटकापाशी क्षणभर उभे राहिलेच पाहिजे.

पुढे रस्त्याने पंधरा-वीस मिनिटे चालल्यावर केन्चोजी लागतो. हा १२५३ सालचा विहार. गुडघे दुखणाऱ्यांनी बस घ्यावी. इथल्या धम्मसभागृहात तपश्चर्येने हाडांचा सापळा झालेल्या सिद्धार्थाची मूर्ती आहे. बरगड्या मोजता येतील, शिरा दिसतील अशी. मूळ मूर्ती गांधार कलेची, लाहोरच्या संग्रहालयातली. तिची ही प्रतिकृती २००५ सालच्या आइची प्रदर्शनानंतर पाकिस्तानकडून जपानला मिळाली. देहदंडाची वाट पुरी चालून पाहिल्यावर तथागतांनी ती सोडली आणि मध्यम मार्ग धरला, हे मुलांना समजावून सांगायला याहून चांगली जागा सापडणार नाही.

दुसरा मुक्काम : उघड्यावरचा महाबुद्ध

कामाकुरा स्टेशनहून एनोदेन नावाची छोटी गाडी सुटते. आपल्या जुन्या ट्रामची आठवण यावी अशी. तिचा मार्ग अवघा दहा किलोमीटरांचा, स्टेशने पंधरा. दिवसभर कितीही वेळा चढ-उतार करता येईल असे एक तिकीट मिळते, ते घेणे सोयीचे. हासे स्टेशनवर उतरून दहा मिनिटे चालले की कोतोकुइन विहार येतो.

तिथला ब्राँझचा महाबुद्ध चौथरा सोडून ११ मीटरांहून उंच आहे आणि त्याचे वजन १२१ टन आहे. १२५२ साली त्याच्या कामाला सुरुवात झाली. त्याआधी तिथे लाकडी मूर्ती होती. मूर्तीसाठी जोको नावाच्या भिक्खूने गावोगाव फिरून लोकांकडून वर्गणी गोळा केल्याची नोंद जुन्या इतिवृत्तात आहे. आपल्या वस्तीतील विहारासाठी पावतीपुस्तक घेऊन दारोदार फिरलेल्या कार्यकर्त्यांना हे वाचून आपलेपणा वाटेल. मूर्तीभोवती पूर्वी मोठे सभागृह होते. ते वादळांत आणि लाटांत गेले. पंधराव्या शतकापासून बुद्ध उन्हापावसात उघड्यावर बसला आहे. १९२३ च्या महाभूकंपात चौथऱ्याची हानी झाली, मूर्ती मात्र टिकली. मूर्ती आतून पोकळ आहे आणि थोडे पैसे भरून पोटात शिरता येते. आठशे वर्षांपूर्वीच्या कारागिरांनी ओतीव तुकडे एकावर एक कसे जोडले, ते आतून स्पष्ट दिसते. ढलाई कारखान्यात, लोहारकामात आयुष्य गेलेल्या माणसाने हे जरूर पाहावे.

इथे एक खुलासा हवा. ही मूर्ती अमिताभ बुद्धाची आहे, आपण ज्यांना वंदन करतो त्या गौतम बुद्धांची नव्हे. अमिताभाच्या नामस्मरणाने सुखावती नावाच्या लोकात जन्म मिळतो, अशी या पंथाची श्रद्धा. जपानातील अनेक देवळांत ताईत, नवसाच्या पाट्या, भविष्याच्या चिठ्ठ्याही विकल्या जातात. बावीस प्रतिज्ञा घेतलेल्या माणसाला हे खटकेल. खटकावेही. पण १९५० साली बाबासाहेब कोलंबोच्या बौद्ध परिषदेला गेले ते बौद्ध देशांत धम्म प्रत्यक्ष कसा पाळला जातो हे डोळ्यांनी पाहण्यासाठी. आपणही त्याच चिकित्सक दृष्टीने पाहावे आणि गाइडला विचारावे. चांगला गाइड असल्या प्रश्नांनी खूष होतो.

त्याच आवारात एक शिलालेख शोधा. तो श्रीलंकेचे जे. आर. जयवर्धने यांच्या गौरवार्थ १९९१ साली बसविला आहे. दुसरे महायुद्ध हरलेल्या जपानशी तह करण्यासाठी सप्टेंबर १९५१ मध्ये सान फ्रान्सिस्कोत परिषद भरली. तेव्हा जयवर्धने सिलोनचे अर्थमंत्री होते. जपानने युद्धात सिलोनवर बॉम्ब टाकले होते. तरीही, आमच्या देशाला भरपाई नको, असे त्यांनी जाहीर केले आणि वैराविषयीचे धम्मपदातील बुद्धवचन त्या सभेत ऐकविले. जपानी लोकांनी ते उपकार विसरले नाहीत.

दुपारचे जेवण इथेच उरकावे. या किनाऱ्यावर शिरासु नावाची बारीक मासळी मिळते. ती उकडून गरम भातावर घालतात. आपल्या कोकणातल्या माणसाला ती सहज रुचेल. जानेवारीपासून मार्चच्या सुरुवातीपर्यंत तिची मासेमारी बंद असते, तेव्हा ताजी मिळत नाही. शाकाहारी माणसाने आधीच सांगून ठेवावे, कारण भाजीच्या रश्श्यातही तिथे बहुधा माशाचे पाणी असते.

तिसरा मुक्काम : गोकुराकुजी

हासेपुढचेच स्टेशन गोकुराकुजी. सहलीच्या छापील कार्यक्रमात हे नाव बहुधा नसते. गवताने शाकारलेले छोटे दार आणि आत शांत अंगण. इथे थोर भिक्खू निन्शो राहत. त्यांचा काळ १२१७ ते १३०३.

त्या काळच्या जपानात काही लोकांना हिनिन म्हणत. हिनिन म्हणजे शब्दशः 'अ-मनुष्य'. भिकारी, कुष्ठरोगी, मेलेली जनावरे व प्रेते हलविणारे अशा लोकांना गावाच्या वेशीबाहेर, नदीच्या वाळूत राहावे लागे. वाचकहो, हे वर्णन आपल्याला कोणी समजावून सांगायला हवे काय?

निन्शो या लोकांमध्ये गेले. नारात असताना एका पांगळ्या कुष्ठरोग्याला ते रोज पाठीवर घेऊन भीक मागण्याच्या जागी पोहोचवीत आणि संध्याकाळी परत आणीत, असे सांगतात. कामाकुराला आल्यावर त्यांनी गोकुराकुजीत दवाखाने चालविले, रस्ते आणि पूल बांधले. औषधे कुटण्याचा दगडी खल अजून त्या अंगणात आहे. १३२८ साली सम्राटाने त्यांना मरणोत्तर 'बोधिसत्त्व' ही पदवी दिली. त्यांच्या कामासाठी लागणारा काही पैसा बंदरातील जकातीतून येई. १२३२ साली दगड रचून केलेला वाकाएजिमा नावाचा धक्का झाइमोकुझा किनाऱ्यावर ओहोटीच्या वेळी अजून दिसतो. तो पाहायचा असेल तर भरती-ओहोटीचे वेळापत्रक बघून दिवसाचा क्रम लावा, असे गाइडला आधीच कळवावे. कार्यक्रम आपल्या हातात असण्याचा फायदा तो हाच.

चौथा मुक्काम : तात्सुनोकुचीचा किनारा

गोकुराकुजीनंतर गाडी समुद्राला अगदी खेटून धावते. हवा स्वच्छ असेल तर पाण्यापलीकडे फुजी पर्वत दिसतो. एनोशिमा स्टेशनवर उतरून काही पावलांवर र्‍यूकोजी विहार आहे. पूर्वी ही जागा तात्सुनोकुची या नावाची वधभूमी होती.

१२७१ साली इथे आचार्य निचिरेन यांना शिरच्छेदासाठी आणले. त्यांचा जन्म १२२२ साली पूर्वेकडच्या आवा प्रांतातील कोमिनातो या समुद्रकाठच्या गावी, मासेमारांच्या वस्तीत झाला. कामाकुराच्या रस्त्यांवर उभे राहून ते प्रवचने देत आणि राज्यकर्त्यांना खडे बोल सुनावीत. शेवटच्या क्षणी त्यांचा वध टळला. आकाशात तेजाचा गोळा दिसला आणि मारेकरी घाबरला, अशी कथा त्यांचे अनुयायी सांगतात. कथा बाजूला ठेवू. त्यांना सादो बेटावर हद्दपार केले गेले हा इतिहास आहे. तिथून १२७२ साली शिष्यांना लिहिलेल्या पत्रात त्यांनी आपला जन्म चांडाळकुळातला असल्याचे लिहिले.

चांडाळ! आपल्याच देशातला हा शब्द संस्कृत ग्रंथांबरोबर चीनमार्गे जपानला पोहोचला आणि तिथे 'सेंदारा' झाला. निचिरेन यांनी तो शब्दशः वापरला की नम्रतेने, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. पण सरदार-दरकदारांच्या त्या काळात ज्याला कुळाची लाज वाटली नाही, तो माणूस साधा नव्हता. वरळीचे जपानी मंदिर याच निचिरेन परंपरेतले आहे. नवलाची गोष्ट अशी, की निन्शो आणि निचिरेन एकमेकांचे कट्टर विरोधक होते. बंदराच्या जकातीवरूनही निचिरेन यांनी टीका केली होती. दोघांचे विहार एकाच रेल्वेमार्गावर आहेत. दोन्ही पाहावेत आणि गाडीत बसल्यावर मुलांशी त्यावर बोलावे.

एक कटू सत्यही सांगितले पाहिजे. बुद्धाच्या देशात अस्पृश्यता संपली नाही. बुराकु वस्त्यांतील लोकांचा हीन दर्जा सरकारने १८७१ च्या फर्मानाने रद्द केला, तरी लग्न आणि नोकरीत भेदभाव चालूच राहिला. म्हणून ३ मार्च १९२२ रोजी क्योतो येथे त्यांनी सुइहेइशा ही समतेची संघटना उभारली. काही विहारांनी तर या लोकांना मरणोत्तर नावे देतानाही हीनत्वाची खूण ठेवली होती. पुढे बौद्ध पंथांना ती चूक मान्य करावी लागली. नुसती मूर्ती उभारून समता येत नाही, ती आचरणात आणावी लागते, हा धडा आपल्यालाही आहे. हा विषय जपानी माणसाला अवघड वाटतो. चारचौघांत मोठ्याने विचारू नये, निवांत बसल्यावर सौम्यपणे विचारावा.

गाइड कसा ठरवावा?

गाइडचा मेहनताना बहुधा माणशी नसतो, सबंध गटाचा असतो. पाच-सहा जणांनी मिळून घेतला तर वाटणी हलकी होते. गाइडची गाडीभाडी, प्रवेशफी आणि जेवण आपल्याकडे असते काय, हे आधी लेखी विचारून घ्यावे. सरकारी परीक्षा उत्तीर्ण झालेले गाइड असतात. २०१८ पासून परवाना नसलेल्यांनाही पैसे घेऊन हे काम करता येते, म्हणून माणसाची माहिती नीट विचारावी.

एवढाही खर्च झेपत नसेल तर जपानात स्वयंसेवक गाइडांचे गट आहेत. निवृत्त माणसे आणि विद्यार्थी हौसेने हे काम करतात. ते मेहनताना घेत नाहीत. त्यांचे गाडीभाडे, प्रवेशफी आणि जेवण आपण द्यायचे. त्यांना बरेच दिवस आधी कळवावे लागते. बहुतेक गाइड इंग्रजीत बोलतात. घरातील शिकलेल्या मुला-मुलीने सोबत राहून आईवडिलांना मराठीत सांगावे, घाई करू नये. ते काम नुसत्या भाषांतराचे नाही, ती सेवा आहे.

पत्रात इतके जरूर लिहावे : माणसे किती, वये काय, किती चालवेल, पायऱ्या चढवतील काय, काय खाणार आणि काय पाहायचे. 'तोकेइजी, गोकुराकुजी आणि र्‍यूकोजी हवेतच, बाजार नको', असे स्पष्ट लिहावे. न मागितल्यास नेहमीचाच कार्यक्रम मिळेल.

आणखी काही गोष्टी ध्यानात ठेवाव्यात.

• व्हिसा आधी काढावा लागतो.

• कामाकुराचे रस्ते अरुंद आहेत. सुटीच्या दिवशी मोटार अडकून पडते. आगगाडी आणि पायी चालणे बरे. मोटार घेतलीच तर भाड्याने प्रवासी नेण्याचा परवाना असलेली, हिरव्या नंबरप्लेटची घ्यावी.

• शनिवार-रविवार, मे महिन्याचा पहिला आठवडा आणि जूनमधला फुलांचा हंगाम टाळावा.

• विहार दुपारी साडेचार-पाचच्या सुमारास बंद होतात. म्हणून सकाळी लवकर निघावे.

• सहज काढता-घालता येतील असे बूट घालावेत. काही विहारांत फोटो काढायला मनाई असते, पाटी पाहावी.

• बक्षिसी देण्याची तिथे पद्धत नाही. निरोप घेताना घरून नेलेली छोटी भेट द्यावी आणि वाकून आभार मानावेत.

जपानला जाणे आज प्रत्येकाला जमेल असे नाही. पण ज्यांची मुले तिथे आहेत, त्यांनी हा अंक जपून ठेवावा आणि निघण्यापूर्वी गाइडला पाठवायची यादी घरच्या सर्वांनी, विशेषतः आजी आणि आईने, बसून तयार करावी. परत आल्यावर वस्तीतील विहारात एका रविवारी सर्वांना जमवून, काय पाहिले आणि काय खटकले, ते मोकळेपणाने सांगावे. जे जाऊ शकले नाहीत, त्यांचाही त्या सहलीत वाटा आहे.